पहिल्या गाडीचा कप्पा रिकामाच राहील
जुने आवाज जपणारं एक ग्रंथालय असावं आणि त्यात पहिला कप्पा बोरीबंदरहून ठाण्याला आलेल्या पहिल्या आगगाडीच्या शिट्टीचा असावा, अशी एक कल्पना कुणीतरी मांडलीय. कल्पना मोठी गोड आहे, पण गाडी आली १६ एप्रिल १८५३ ला आणि आवाज टिपून पुन्हा ऐकवणारा एडिसनचा फोनोग्राफ १८७७ चा. २४ वर्षांची चुकामूक!

मी आधी माणसांचं बोलणं ठेवीन. ठाण्याच्या चेंदणी कोळीवाड्यातल्या माझ्या आजीची हळदीची गाणी आम्ही कॅसेटवर घेतली होती. दमट हवेने फितीला बुरशी लागली. एका दुरुस्तीवाल्याने हाताने पुसत, हळूहळू फिरवत अकरा मिनिटं वाचवली. गाता गाता आजी थांबते आणि भरती लागली म्हणून कुणाला तरी हाक मारते. गाणी इतरांकडेही मिळतील, ती हाक नाही. घरी कॅसेटी असतील तर पावसाळ्याआधी त्यातले आवाज संगणकावर उतरवून घ्या.