५६ व्या वर्षी मास्टर्स हॉकी वर्ल्ड कपच्या निवडीला जावं का?

भुसावळचा राइट हाफ

नमस्कार मंडळी. वय ५६, रेल्वेत नोकरी, निवृत्तीला चार वर्षं आहेत. हॉकी शिकलो भुसावळच्या रेल्वे कॉलनीत, मातीच्या मैदानावर. शेजारच्या क्वार्टरमधले अँग्लो-इंडियन ड्रायव्हरकाका ड्यूटीवरून आले की आम्हा पोरांना अंधार पडेपर्यंत पळवायचे. तुतीच्या लाकडाची पहिली स्टिक त्यांनीच हातात दिली. पुढे रेल्वेच्या आंतरविभागीय स्पर्धा खेळलो. चौतिसाव्या वर्षी घोटा मोडला आणि स्टिक माळ्यावर गेली. तीन वर्षांपूर्वी ती खाली काढली. तेव्हापासून पहाटे साडेपाचला कॉलेजच्या पोरांबरोबर खेळतोय. मे महिन्यात सातनंतर आपल्याकडे मैदानात उभंच राहवत नाही, म्हणून ही वेळ.

गेल्या महिन्यात पुण्याच्या जुन्या सोबत्याचा फोन आला. पंचावन्नपुढचा संघ जमतोय, निवडीला ये म्हणाला. शोधलं तर कळलं की मास्टर्स म्हणजे वय झालेल्यांची हॉकी, त्यात ३५ पासून पाच-पाच वर्षांचे गट असतात, पार ८० पर्यंत. ८० वर्षांचा माणूस शॉर्ट कॉर्नर (म्हणजे पेनल्टी कॉर्नर) अडवायला गोलातून धावत सुटतो, हे वाचलं आणि त्या रात्री मला झोप लागली नाही.

खर्च ज्याचा त्याने करायचा आहे. मुलीचं लग्न झालंय, डोक्यावर कर्ज नाही. बायको एवढंच म्हणाली, "दोन-तीन लाख घालणार असाल तर आधी नीट तयारी करा." टर्फवर, म्हणजे कृत्रिम गवताच्या मैदानावर, मी आयुष्यात पाऊल ठेवलेलं नाही. ज्यांनी हे केलंय त्यांनी सांगा, मातीवरचा माणूस या वयात तिथे टिकतो का? आणि हे देशाकडून खेळणं म्हणायचं का?

धुळ्याचा गोली

दादा, तयारीचं नंतर बघू, आधी पैशाचं. आम्ही चौघांनी एकदा अशाच संघासाठी आगाऊ रक्कम भरली. स्पर्धेला महिना उरला तेव्हा कळलं की आमच्या संघाची नोंदणीच झालेली नाही. अर्धे पैसे अजून यायचे आहेत. संघाचं नाव आयोजकांच्या यादीत स्वतःच्या डोळ्यांनी पाहिल्याशिवाय विमानाचं तिकीट काढू नका. पासपोर्ट मात्र आजच तपासा.

नेहरूनगरचा लेफ्ट इन

मी मूळ चाळीसगावचा, आता पिंपरीत. पंचेचाळिशीनंतर टर्फवर आलो, तेव्हा तुमच्या प्रश्नाचं उत्तर माझ्या गुडघ्यांत आहे भो.

मातीवर चेंडू उसळतो, म्हणून आपण स्टिक उभी धरून थांबवायला शिकलो. टर्फवर तो सरपटत आणि दुप्पट वेगाने येतो. उभी स्टिक खाली येईपर्यंत तो निघून गेलेला असतो. स्टिक जमिनीलगत आडवी टाकून थांबवायची सवय लागायला मला चार महिने लागले. त्यासाठी कंबर खाली न्यावी लागते आणि त्यासाठी मांड्यांत ताकद लागते. रोज उठाबशा काढा, जिने चढा. तुतीची स्टिक देव्हाऱ्याजवळ ठेवा, खेळायला कॉम्पोझिट (फायबर-कार्बनची) घ्या, पण फार कडक नको. कडक स्टिकवर चेंडू लागून दूर उडतो, आपल्यासारख्या अडवणाऱ्याला ती नको.

नियमही बदललेत. पुढच्या खेळाडूने समोरच्यांच्या गोलाजवळ आधीच जाऊन थांबू नये असा ऑफसाइडचा नियम नव्वदच्या दशकातच गेला. २००९ पासून फाउलनंतरची फ्री हिट दुसऱ्याला न देता स्वतःच चेंडू घेऊन पळता येतं. राइट हाफला, म्हणजे तुमच्यासारख्या मधल्या फळीत उजवीकडे खेळणाऱ्याला, हे फार कामाचं. बचाव करणाऱ्याकडून चेंडू चुकून गोलाच्या रेषेबाहेर गेला की मिळणारा लाँग कॉर्नर आता २३ मीटरच्या रेषेवरून घेतात. खेळाडू हवे तितक्या वेळा आत-बाहेर करता येतात, तेव्हा दम लागला की हात वर करा, त्यात काही कमीपणा नाही.

देशाकडून का, तर हो. पूर्वी साठीपुढच्यांची ग्रँड मास्टर्स संघटना निराळी होती, आता सगळं वर्ल्ड मास्टर्स हॉकी या एकाच संघटनेखाली आहे. २०२२ ला नॉटिंगहॅम आणि केप टाउन, २०२४ ला केप टाउन आणि ऑकलंड इथे वर्ल्ड कप झाले, त्यांत देशांचेच संघ उतरतात. वर्ल्ड मास्टर्स गेम्स मात्र वेगळे. तिथे निवड नाही, नाव नोंदवून कुणीही खेळू शकतो. दोन्हींत घोळ करू नका. आणि परदेशाआधी देशातलं बघा. हॉकी इंडियाने २०२५ मध्ये चेन्नईला पहिला मास्टर्स कप भरवला, पुरुष चाळिशीपुढचे, महिला पस्तिशीपुढच्या. तिथली एक मॅच खेळलात तरी स्वतःचा अंदाज येईल.

नंदुरबारची ताई

काका, मी शाळेत खेळाची शिक्षिका. वय ४१, म्हणजे बायकांच्या ४० च्या गटात बसते, आणि आमच्या जिल्ह्यात माझ्याबरोबर खेळायला एकही बाई नाही. तुम्हाला बोलावणं आलंय, जाच. फक्त त्याआधी ट्रेडमिलवरची हृदयाची तपासणी करून घ्या. पोरांबरोबर खेळताना दमलो की आपण आपोआप हळू होतो, स्पर्धेत ते होत नाही. मोडलेल्या घोट्यासाठी एका पायावर उभं राहायचा सराव रोज करा, दात घासताना केला तरी चालेल.

भुसावळचा राइट हाफ

सगळ्यांचे मनापासून आभार. तुमचं लिहिणं बायकोला वाचून दाखवलं. तपासणीची वेळ तिनेच जळगावला ठरवली, येत्या मंगळवारची. सोबत्याला फोन करून नोंदणीचं विचारलं. यादीत नाव आलं की दाखवतो म्हणाला, तोवर कुणी पैसे देऊ नका असंही म्हणाला. माणूस सरळ आहे.

ताई, आमच्या पहाटेच्या खेळात दोन मुली येतात, चांगल्या खेळतात. सुटीत भुसावळला आलात तर त्यांना घेऊन पाच-पाच जणांचा खेळ लावू. उतरायला आमचं घर आहे.

लेफ्ट इन दादा, तपासणीत काही निघालं नाही तर त्यापुढच्या शनिवारी रात्रीच्या गाडीने पुण्याला निघतो. रविवारी तुमच्या टर्फवर तासभर नुसते चेंडू अडवायचे आहेत, मॅच नको. समोरून जोरात मारणारं कुणी मिळेल का? माझा पाय आठ नंबरचा. टर्फचे जुने बूट कुणाकडे असतील तर एका दिवसापुरते हवेत.