फुलस्क्रीन नको, विंडोतच खेळायचंय. पण माउस पळतो, चित्र धूसर, आणि रेंडर गेला तो वेगळाच

फ्रेममोजणी

मंडळी, माझं काम थ्रीडी ॲनिमेशनचं. शॉट एकदा रेंडरला (म्हणजे मशीनकडून एकेक फ्रेम, एकेक चित्र काढून घ्यायला) लावला की मशीन तासन्‌तास घुमत बसतं आणि मला फक्त फ्रेमचा आकडा पुढे सरकतोय ना, एवढंच अधूनमधून बघायचं असतं. तेवढ्या वेळात मी गेम खेळते. फुलस्क्रीन केलं की आकडा झाकला जातो, म्हणून सगळं विंडोत चालवायचा हट्ट. लॅपटॉप एकच, दुसरा मॉनिटर नाही. स्क्रीन १९२०×१०८०, विंडोज ११, स्केलिंग १२५ टक्के (१०० वर मला अक्षरं वाचताच येत नाहीत).

परवा व्हायचं ते झालं. स्ट्रॅटेजी गेम विंडोत चालू होता. नकाशा सरकवायला माउस कडेला नेला, तो कडेवर थांबायच्या ऐवजी सरळ बाहेर गेला आणि क्लिक पडला मागच्या रेंडरच्या विंडोवर. माझं लक्ष नाही. गेमचा मेनू उघडायला एस्केप दाबलं. रेंडरच्या सॉफ्टवेअरमध्ये एस्केप म्हणजे रद्द. ३०० पैकी २१२ वी फ्रेम चालू होती आणि मी शहाणीने थेट व्हिडिओ फाइल लिहायला लावली होती. आधीच्या २११ पण गेल्या.

आता प्रश्न. हाच गेम १९२०×१०८० च्या विंडोत लावला तर खालची बटणांची पट्टी टास्कबारच्या मागे जाते. १६००×९०० केलं तर लहान व्हायला हवी ना विंडो? ती स्क्रीनच्या बाहेरच जाते! १२८०×७२० मावतं, पण अक्षरं वाफ धरलेल्या चष्म्यातून बघितल्यासारखी. ग्राफिक्स कार्ड बिघडलंय का?

दुसरा गेम एज ऑफ एम्पायर्स २, तोही जुना, १९९९ चा. त्यात विंडोचा पर्यायच नाही. ऑल्ट+एंटर दाबून पाहिलं, ढिम्म. ऑल्ट+टॅबने बाहेर पडले तर परत जाताना कधी येतो, कधी काळा पडदा.

माउस कोंडून ठेवायची काही सोय?

पूर्णपडदा

विंडोत गेम खेळणं म्हणजे दाराच्या फटीतून नाटक बघणं. एफपीएस (सेकंदाला दिसणाऱ्या फ्रेम) पडतात, माउस जड लागतो, टास्कबार डोळ्यासमोर. गेम फुलस्क्रीनमध्येच खेळावा आणि रेंडर बघायचा तर ऑल्ट+टॅब मारावा. मी वर्षानुवर्षं हेच करतो. आणि रेंडर चालू असताना त्याच कार्डावर गेम चालवला तर दोन्ही रडणारच.

चौकटबाह्य

फ्रेममोजणी, कार्ड ठणठणीत आहे. तुमचा आकडाच सगळं सांगतोय: १६०० गुणिले १.२५ बरोबर २०००. ९०० गुणिले १.२५ बरोबर ११२५. तुमची स्क्रीन १९२०×१०८०. मावेल कशी?

झालंय असं, की हा गेम विंडोजला 'मला स्केलिंग कळतं' असं सांगत नाही. मग विंडोज त्याला अडाणी समजून त्याने काढलेलं चित्र स्वतः सव्वापट ताणतं. म्हणून १२८०×७२० प्रत्यक्षात १६००×९०० जागा व्यापतं (नीट मावतं) आणि ताणल्यामुळे धूसर दिसतं. दोन्ही तक्रारींचं मूळ एकच.

उपाय असा. गेमच्या मूळ ईएक्सई फाइलवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, कंपॅटिबिलिटी, तिथे 'चेंज हाय डीपीआय सेटिंग्ज'. खालच्या भागात 'ओव्हरराइड'चा चौकोन आहे, त्याला टिक करा आणि यादीतून 'ॲप्लिकेशन' निवडा. शॉर्टकटवर नको, मूळ फाइलवरच करा. मग १६००×९०० म्हणजे खरोखर तेवढेच पिक्सेल. तुमच्या स्क्रीनवर टास्कबार साधारण ६० पिक्सेल खातो, वरची टायटलची पट्टी चाळीसच्या आसपास. १०८० मधून शंभर गेले, ९०० आरामात बसतं. आणि १०८० उंचीची विंडो कधीच का बसणार नाही तेही यातच आलं: गेममध्ये निवडता ते माप आतल्या चित्राचं असतं, पट्टी त्यावर वेगळी चढते.

माउसचं. कर्सर कोंडायची सोय विंडोजमध्ये आहे, पण ती गेमने मागावी लागते. बऱ्याच स्ट्रॅटेजी गेममध्ये 'लॉक कर्सर' किंवा 'कन्फाइन माउस' असा पर्याय असतो. ग्राफिक्समध्ये नाही सापडला तर कंट्रोल्समध्ये बघा, का कोण जाणे पण तिथे लपवतात. नसलाच तर ऑटोहॉटकी या छोट्या स्क्रिप्ट चालवणाऱ्या प्रोग्राममध्ये चार ओळींची स्क्रिप्ट लिहून तेच काम होतं. तोवर नकाशा बाणांच्या बटणांनी सरकवा.

पूर्णपडदा, तुमचं म्हणणं एके काळी शंभर टक्के खरं होतं. विंडोतल्या गेमचं चित्र थेट स्क्रीनवर जात नसे. गेम आपली फ्रेम काढायचा, ती डेस्कटॉप रचणाऱ्या विंडो मॅनेजरकडे कॉपी व्हायची, मग तो सगळ्या विंडो एकत्र जोडून स्क्रीनला द्यायचा. म्हणजे एक कॉपी जादा आणि साधारण एक फ्रेम उशीर. ६० हर्ट्झवर एक फ्रेम म्हणजे सुमारे १६.७ मिलिसेकंद, हाताला जाणवू शकेल इतकं. विंडोज ८ पासून 'फ्लिप मॉडेल' आलं. त्यात कॉपी होत नाही, गेम आपला बफरच (फ्रेम ठेवलेली मेमरी) विंडो मॅनेजरच्या हातात देतो. आणि कडा नसलेली विंडो अख्खी स्क्रीन व्यापून असेल तर विंडो मॅनेजर बाजूलाच होतो, बफर थेट स्क्रीनवर. डायरेक्टएक्स (गेम ज्यातून ग्राफिक्स कार्डाशी बोलतो तो विंडोजचा भाग) १२ मध्ये तर जुन्या अर्थाचं, स्क्रीनचा ताबा घेणारं फुलस्क्रीन उरलेलंच नाही. तुम्ही ज्याला फुलस्क्रीन म्हणता ती पुष्कळदा कडा नसलेली विंडोच असते. विंडोज १० जुन्या गेमनाही 'फुलस्क्रीन ऑप्टिमायझेशन'च्या नावाखाली गुपचूप तसंच चालवतं.

गेम डायरेक्टएक्स १० किंवा ११ चा असेल तर विंडोज ११ मध्ये सेटिंग्ज, सिस्टिम, डिस्प्ले, ग्राफिक्स इथे 'ऑप्टिमायझेशन्स फॉर विंडोड गेम्स' असं एक बटण आहे. ते चालू केलं की जुन्या पद्धतीने कॉपी करणारा गेमही फ्लिपवर चढतो. गेम बंद करून पुन्हा उघडायचा.

एज ऑफ एम्पायर्सची गोष्ट मात्र वेगळी. रात्री सविस्तर लिहितो.

पेंग्विनवाला

लिनक्सवर हा त्रास नाही हो. वाइनच्या (लिनक्सवर विंडोजचे प्रोग्राम चालवणाऱ्या सॉफ्टवेअरच्या) कॉन्फिगरेशनमध्ये ग्राफिक्स टॅबवर 'व्हर्च्युअल डेस्कटॉप'ला टिक करा, माप द्या, गेमला वाटतं हीच अख्खी स्क्रीन. बिचारा आतल्या आत फुलस्क्रीन होऊन बसतो.

(विचारलं नव्हतं, माहीत आहे.)

चौकटबाह्य

हं, आता १९९९.

तो गेम २५६ रंगांचा आहे. म्हणजे प्रत्येक पिक्सेलमध्ये रंग नसतो, ० ते २५५ मधला एक क्रमांक असतो, आणि कुठला क्रमांक म्हणजे कुठला रंग याची यादी वेगळी, तिला पॅलेट म्हणतात. फुलस्क्रीनमध्ये अख्खी स्क्रीनच २५६ रंगांची व्हायची आणि यादी गेमची. तुमचा डेस्कटॉप लाखो रंगांचा. त्याच डेस्कटॉपवर एका चौकोनापुरती ही यादी लागू करणं म्हणजे प्रत्येक फ्रेमचा मधे बसून अनुवाद करायला कोणीतरी हवं. गेममध्ये तो दुभाष्या नाही, म्हणून विंडोचा पर्यायही नाही. ऑल्ट+एंटरही त्यामुळेच ढिम्म: ती सोय पुढच्या डायरेक्टएक्ससोबत आली, डायरेक्टड्रॉच्या (डायरेक्टएक्सचा जुना, सपाट चित्रांचा भाग) काळातल्या गेमला तिचा पत्ता नाही.

याच यादीपायी विंडोज ७ वर काय गंमत व्हायची! गेम चालू असताना मागून एक्सप्लोरर (डेस्कटॉप आणि टास्कबार चालवणारा विंडोजचा प्रोग्राम) यादीत हात घालायचा आणि गवत जांभळं, पाणी लाल. लोक टास्क मॅनेजरमधून एक्सप्लोरर मारून खेळायचे. दुसरा तोडगा त्याहून विचित्र: कंट्रोल पॅनेलमधली 'स्क्रीन रिझोल्यूशन'ची विंडो नुसती उघडी ठेवायची, रंग जागेवर. मी कित्येक महिने ती विंडो उघडी ठेवून खेळलो आहे आणि घरच्यांना वाटायचं मी रोज काहीतरी दुरुस्त करतोय.

आता दुभाष्या फुकट मिळतो. सीएनसी-डीड्रॉ नावाचा मुक्तस्रोत प्रकल्प आहे, गिटहबवर त्याच्या स्वतःच्या पानावरूनच घ्या, भलत्या साइटवरून डीएलएल (प्रोग्राम चालताना वापरतो ती जोडफाइल) उतरवू नका. त्यातली डीड्रॉ डीएलएल आणि सोबतच्या फाइली गेमच्या ईएक्सईशेजारी ठेवायच्या. विंडोज डीएलएल शोधताना आधी ईएक्सईचं फोल्डर बघतं, त्यामुळे सिस्टिममधलीऐवजी ही उचलली जाते. गेमला वाटतं आपण जुन्या डायरेक्टड्रॉशी बोलतोय, ही मधल्या मध्ये प्रत्येक फ्रेम आजच्या कार्डाला कळेल अशी करून देते. सोबत सेटिंगची साधी टेक्स्ट फाइल येते, त्यात 'विंडोड'पुढे 'ट्रू' लिहा. प्रमाण बिघडू नये यासाठीही एक ओळ आहे, तीही 'ट्रू' करा, नाहीतर विंडो ओढून रुंद केलीत की घोडेस्वार बुटके होतील. गेममध्ये १०२४×७६८ ठेवा, टायटलच्या पट्टीसकट बसतं.

आणि तुमच्या कामाची गोष्ट: ही डीएलएल कर्सर स्वतः कोंडते. बाहेर यायचं तर कंट्रोल+टॅब. म्हणजे चुकून बाहेर पडणं बंद.

एक सूचना: असल्या डीएलएल ऑनलाइन सामन्यांच्या गेममध्ये टाकू नका, फसवणूक पकडणारी यंत्रणा संशय घेते. घरच्या घरी संगणकाविरुद्ध खेळायला काही हरकत नाही.

पूर्णपडदा

डायरेक्टएक्स १२ चं खरंच माहीत नव्हतं. पण रेंडर आणि गेम एकाच कार्डावर, याचं काय?

चौकटबाह्य

तिथे तुमच्याशी सहमत. १९९९ चा गेम कार्डाला जाणवतसुद्धा नाही, पण दुसरा जाणवेल. १०८० वरून ९०० वर आल्याने पिक्सेल सुमारे ३० टक्के कमी होतात, तेवढा भार हलका. त्यावर एफपीएसची मर्यादा ३० ला बांधा. स्ट्रॅटेजी गेमला ३० पुरतात, सैनिक तसेही सावकाशच चालतात.

पण मुळात ताई, व्हिडिओ फाइल थेट का लिहिता? पीएनजीची मालिका लिहा. एक फ्रेम, एक फाइल. रद्द झालं तर फार तर चालू फ्रेम जाते, २१२ पासून पुढे. आणि जमलं तर रेंडर कमांड लाइनवरून लावा. टर्मिनलमध्ये आकडा सरकत राहतो आणि एस्केप दाबून काहीही होत नाही. फक्त कंट्रोल+सी दाबू नका.

फ्रेममोजणी

सगळं केलं, त्याच क्रमाने सांगते.

डीपीआयचं सेटिंग आधी शॉर्टकटवर केलं (वाचूनसुद्धा!), अर्थात काही झालं नाही. मूळ फाइलवर केलं आणि १६००×९०० ची विंडो अशी चपखल बसली की खाली रेंडरची एक ओळ दिसेल एवढी फट उरली. अक्षरं लख्ख. मी इतके दिवस या गेमच्या चित्रकाराला नावं ठेवत होते की टेक्श्चर किती बोथट काढलंय. माफी त्याला.

'लॉक कर्सर' सापडलं. कंट्रोल्समध्येच होतं, कीबोर्डच्या यादीच्या अगदी तळाशी.

एज ऑफ एम्पायर्स पहिल्या फटक्यात विंडोत उघडला. मग ऑल्ट+एंटर सहज दाबून पाहिलं तर फुलस्क्रीन! परत दाबलं, परत विंडो. दुभाष्याने तेही शिकवलंय वाटतं. कंट्रोल+टॅब मात्र पहिल्या दिवशी आठवेना; पाच मिनिटं माउस त्या चौकटीत गरगर फिरवत होते, शेवटी पोस्ट वाचायला फोन घेतला.

तीस एफपीएसची मर्यादा घातल्यावर लॅपटॉपचा पंखाही खालच्या सुरात आला. रेंडर पीएनजीत, टर्मिनलमधून. आत्ता २६१ वी फ्रेम चालू आहे. एस्केप दाबायच्या आधी बोट अजून थबकतं.

पूर्णपडदा

ती 'ऑप्टिमायझेशन्स'वाली सेटिंग मला सापडत नाहीये. विंडोज १० वर नसते का?

चौकटबाह्य

नाही, ती ११ मध्येच. पण गेमच्या डिस्प्लेच्या मेनूत 'बॉर्डरलेस' दिसतंय का बघा. दिसलं तर एक संध्याकाळ त्यावर खेळा, ऑल्ट+टॅब मारा, आणि काळा पडदा येतो का ते इथे सांगा.