फोंतेन्हासची पायी सफर वडिलांना झेपेल का?

प्रश्न, फोंड्याहून:
पुढच्या आठवड्यात सांगलीहून बाबा येताहेत. वय 71, आयुष्यभर इतिहास शिकवला. गाइड घेऊन फोंतेन्हास, म्हणजे जुनी पणजी, पायी दाखवायची आहे, पण त्यांचे गुडघे दुखतात. चढ फार आहे का?

उत्तर, मळा, पणजी:
मी इथेच वाढलो. गल्ल्या बहुतेक सपाट, चढ आहे तो आल्तिनो टेकडीकडे. तिथल्या मारुतीला खालूनच हात जोडा. सेंट सेबॅस्टियन चॅपेल मात्र चुकवू नका. तिथल्या क्रूसावरच्या ख्रिस्ताचे डोळे उघडे आहेत, मानही वर. तो क्रूस आधी जुन्या गोव्यात इन्क्विझिशनच्या, म्हणजे पोर्तुगीज काळातल्या चर्चच्या धर्मन्यायालयाच्या, वाड्यात होता. 1812 मध्ये इन्क्विझिशन बंद झालं, मग तो पणजीत आदिलशहाच्या वाड्यात आणला, तिथून इथे. लहानपणी मला त्या डोळ्यांची भीती वाटायची, आता तिथून हलवत नाही. चॅपेल नेहमी उघडं नसतं, गाइडला आधी विचारा.

उत्तर, म्हापसा:
आमचा गाइड रंगीत भिंतींपाशी फोटोंसाठीच थांबत होता. आई वैतागली. लोक राहतात त्या घरांत, दारात गर्दी कशाला? आबे फारियाच्या पुतळ्यापाशी थांबायला सांगा. 1756 मध्ये कांदोळीत जन्मलेला, पॅरिसमध्ये संमोहनाचे प्रयोग करणारा पाद्री. बाबांना आवडेल.

प्रश्नकर्ती:
मनापासून आभार. सकाळी सातलाच निघतो, घडीची खुर्ची सोबत घेते.