जादू मोजली की मरते म्हणे!

गडकोट_वाचक :
काल इथं एकानं लिहिलं, "जादूला एकक लावून बाजारात बसवलं की ती जादू राहत नाही, वीजबिल होतं." खाली सगळ्यांच्या माना डोलल्या. मी लिहितोय त्या कादंबरीत तेज, म्हणजे जादूची शक्ती, गुंजांत मोजतात, ९६ गुंजांचा तोळा, साठवायचं तांब्याच्या गडूत, आणि कोल्हापूरच्या शाहूपुरीत त्याचे सौदे निघतात. म्हणजे ही चपराक मलाच. तर ऐका.

मोजमाप नसलेल्या जादूत लेखक अडला की मांत्रिकाला नेमकं तेवढंच बळ येतं. माझ्या मांत्रिकाकडं महिनाअखेरीला तीन गुंजा उरतात. आईचा ताप उतरवायचा की सावकाराचा हप्ता भरायचा? हिशेब नसता तर हा पेच पडला असता का? शिवाय गडू गळतो. तेज काढणाऱ्याला आजच विकावं लागतं, व्यापारी मोठे गडू घेऊन भाव पडायची वाट बघतो. निम्मी कादंबरी या गळतीवर उभी आहे.

धुक्यातला_पन्हाळा :
तो 'एक जण' मी. नाव घ्यायला लाज वाटली काय? जोतिबाच्या चैत्र यात्रेत सासनकाठी, देवाची उंच निशाणकाठी, नाचते, गुलालात माणूस दिसेनासा होतो, तेव्हा किती गुंजा खर्च झाल्या विचारशील? हल्लीच्या सगळ्या गोष्टी मोबाइल गेमसारख्या झाल्यात. शक्ती संपली, बाटली प्या, पुढं चला. वाचून झाल्यावर अंगावर शहारा नाही, हातात नुसती पावती.

निवृत्त_फिजिक्सवाला :
दोघांनीही आकडेमोड केलेली नाही. गुंज म्हणजे नक्की कशाची? ऊर्जेची असेल तर ती कामागणिक बदलणार नाही. १ लिटर पाणी २५ अंशांवरून उकळीला आणायला सुमारे ३१४ किलोज्यूल लागतात. ७० किलोचा मांत्रिक पायथ्यापासून पन्हाळ्यावर, म्हणजे साधारण ४०० मीटर वर उचलायला सुमारे २७५. उडणं स्वस्त, चहा महाग! विजेच्या एका युनिटात, गळती धरली नाही तर, अशी १३ माणसं गडावर जातील. तुमच्या कादंबरीत मात्र उडायला तोळा लागतो आणि चूल मांत्रिकाच्या फुंकरीनं पेटते. आमच्या वर्गात असता तर बाहेर उभा केला असता.

गडकोट_वाचक :
सर, तो प्रकरण चारचा मसुदा तुम्ही वाचलात, हेच नवल. उडण्याचा भाव उतरवतो. पण मग थंडीत तेज महागणार, कारण ऊब सगळ्यांनाच पाहिजे. हे मला सुचलं नव्हतं. तुम्ही रागावून सांगितलंत तरी घेतो.

ट्रॉली_नंबर_दोन :
गुंज, ज्यूल, काय ते ठरवा निवांत. काटा कुणाच्या ताब्यात, ते कुणीच बोलंना! आमच्या उसाचंच बघा. २०२४-२५ ला एफआरपी, म्हणजे सरकारनं ठरवलेला उसाचा किमान भाव, टनाला ३,४०० रुपये, ती पण १०.२५ टक्के उताऱ्याला, म्हणजे उसातनं तेवढी साखर निघाली तर. तोडणी-वाहतूक त्यातनंच कापायची. वजन करणार कारखाना, उतारा काढणार कारखाना. आमच्या काकांनी एकदा ट्रॉली बाहेरच्या काट्यावर तोलून आणली. तर गेटवर म्हणले, बाहेरची पावती चालत नाही, पटत नसंल तर ऊस परत न्या. तोडलेला ऊस परत न्यायचा कुठं, शेतात लावायचा? तुमच्या शाहूपुरीत गडू मोजतो कोण, ते लिवा आधी.

मळीचा_वास :
आला, काटामारीवाला आला. धागा जादूचा आहे भावा. माझे वडील कारखान्याच्या काट्यावरच होते, घरी चोर म्हणवून घेत आम्ही वाढलो नाही. तोडलेला ऊस उन्हात वाळतो, वजन घटतं, हे तुझ्या काकांना माहीत नाही? रात्रभर ट्रॉली रांगेत उभी राहिली की टनेज कमी भरणारच.

ट्रॉली_नंबर_दोन :
रांगेत उभी कुणी केली मग? आमी हौसेनं थंडीत झोपतो काय ट्रॉलीखाली? आणि वडिलांचं नाव मी घेतलेलं नाही, तूच काढलंस.

मळीचा_वास :
सगळ्यांना एका माळंत ओवलंस की त्यात माझा बापही आला. काही ठिकाणी गडबड होते, नाही म्हणत नाही. पण पाचट (वाळलेला पाला) आणि वाढ्यांसकट (हिरव्या शेंड्यांसकट) मोळ्या टाकून पूर्ण वजन मागणारेही बघितलेत.

धुक्यातला_पन्हाळा :
अभिनंदन. जादूचा पार साखर कारखाना झाला, मी म्हणत होतो तेच. तरी एक कबूल करतो, उपकार समजू नका. गेटवरून परत फिरवलेल्या मांत्रिकाची गोष्ट मी वाचेन. त्याच्या गडूतलं तेज रांगेत गळतंय आणि मोजणारा जेवायला गेलाय, असं काहीतरी. पण तोळ्या-गुंजांचं कोष्टक पहिल्या पानावर छापलंस तर पुस्तक मिटून ठेवीन.

गडकोट_वाचक :
कोष्टक शेवटी छापतो, तू तिथवर पोचलास तर. मोजणी आता व्यापाऱ्यांच्या संघाकडं देतोय. उघड लिलाव नाही, जुन्या बाजारासारखी रुमालाखाली बोटं दाबून बोली. तेज विकणाऱ्याला भाव कळेपर्यंत गडू अर्धा रिकामा.

निवृत्त_फिजिक्सवाला :
गळलेलं तेज जातं कुठं? ऊर्जा नाहीशी होत नाही. बाजाराची जमीन तापली पाहिजे.

ट्रॉली_नंबर_दोन :
मळी, पळू नको. पाचटाची कपात किती टक्के धरत होते तुमच्याकडं, तेवढं सांग.