मदत हवी आहे: आबांच्या आणि मावशीआजीच्या ७१ च्या आठवणी रेकॉर्ड करतोय, एका ठिकाणी अडलोय

नमस्कार मंडळी. जरा लांबण लागेल, सांभाळून घ्या.

आमचं गाव सातारा जिल्ह्यातलं, घरटी एक तरी माणूस पलटणीत गेलेला. आबा (वडिलांचे वडील) पहिल्या मराठ्यात, म्हणजे मराठा लाइट इन्फंट्रीच्या पहिल्या बटालियनमध्ये, जंगी पलटणीत होते. डिसेंबर १९७१ च्या युद्धात जमालपूरला (तेव्हाचा पूर्व पाकिस्तान, आताचा बांगलादेश). आता वय ७७. मावशीआजी म्हणजे आजीची धाकटी बहीण. ती मिलिटरी नर्सिंग सर्व्हिसमध्ये, तेव्हा नवीकोरी लेफ्टनंट. पश्चिमेकडच्या शकरगड आघाडीवरचे जखमी तिच्या वॉर्डात यायचे. मेजर म्हणून रिटायर झाली. (आबा हवालदार. म्हणजे मेहुणीला सलाम ठोकायला हवा. लग्नकार्यात हा विषय निघाला की आबांना चुन्याची डबी सापडेनाशी होते.)

दिवाळीपासून दोघांना मोबाईलवर रेकॉर्ड करतोय. अकरा तास भरलेत.

आबांची एक 'पंधरा ऑगस्टची गोष्ट' आहे, शाळेत दरवर्षी सांगून गुळगुळीत झालेली. ब्रिगेडियर क्लेर यांनी जमालपूरच्या पाकिस्तानी कर्नल सुलतानला शरण या म्हणून पत्र धाडलं, त्याने उत्तराच्या कागदात बंदुकीची गोळी गुंडाळून पाठवली, मग १० डिसेंबरच्या रात्री सुलतानची माणसं वेढा फोडायला निघाली आणि आपली पलटण रस्ता अडवून बसली होती. सगळं खरं आहे, कुठेही वाचायला मिळतं. पण मी मध्येच विचारलं, "ती गोळी तुम्ही बघितली?" तर म्हणाले, "आमास्नी कोण दावतंय? आमाला मागनं कळलं."

आणि मग पहिल्यांदाच गाडी रुळावरून उतरली. पाण्यातून जाताना मोजे भिजले, त्या थंडीत ते काखेत धरून वाळवायचे. एक जोडी पायात, एक काखेत. शेजारचा गडी झोपेत मोजे पडू नयेत म्हणून हात बांधून घ्यायचा. असं वीस मिनिटं चाललं. दुसऱ्या दिवशी पुन्हा पत्र आणि गोळी. परत त्या मोज्यांपाशी कसं न्यायचं?

मावशीआजीचं उलट. "मी कुठं लढले? ड्युटी केली," इतक्यात ती मिटवते. माईक समोर असला की तारखा आणि बदल्या. आणि मग चहा गाळता गाळता सांगते, की सुरुंगावर पाय गेलेली पोरं रात्री हाका मारायची, "सिस्टर, तळवा खाजतोय." तळवाच नसायचा. ती जाऊन चादरीच्या त्या रिकाम्या जागेवर हात फिरवायची, मग पोरगं झोपायचं. घरची पत्रंही हीच लिहायची. "थोडं लागलंय, काळजी नसावी." पुढे त्यांतले काही पुण्याच्या आर्टिफिशियल लिंब सेंटरला जायचे, आणि तिथून पुढे कोणाचं काय झालं ते हिला कधी कळलं नाही. हे सगळं माझ्याकडे कुकरच्या शिट्टीसकट रेकॉर्ड झालंय.

आता खरा प्रश्न.

गेल्या महिन्यात आबा बोलता बोलता थांबले आणि म्हणाले, "ते बंद कर." मी बटण दाबून फोन पालथा ठेवला. रात्री बघतो तर बटण लागलंच नव्हतं. ४४ मिनिटं.

काय बोलले ते इथे लिहीत नाही. शेजारच्या गावच्या, परत न आलेल्या एकाबद्दल आहे. त्याच्या घरी जे सांगितलं गेलं आणि आबा जे सांगतात, त्यात फरक आहे. त्याची बायको हयात आहे. आबा दर यात्रेला तिच्याकडे चहा पिऊन येतात.

पुसायला हात धजत नाही. ठेवलं तर चोरी केल्यासारखं वाटतं. आबांना सांगावं तर ते फोन बघूनच गप्प होतील अशी भीती. काय करू?

प्रतिसाद

सासऱ्यांचं ६५ चं असंच रेकॉर्ड केलं होतं, त्यावरून सांगते.

आधी आबांना सांगून टाका. ऐकवू नका, फक्त सांगा. निर्णय त्यांचा आहे, तुमचा नाही, आमचा तर नाहीच.

मोज्यांचं म्हणाल तर 'काय वाटलं' असं विचारूच नका. पिशवीत काय होतं, पाणी कुठलं प्यायलात, शेजारी कोण झोपायचं, असं विचारा. वस्तू हातात द्या. पूर्वी स्टार, म्हणजे ७१ च्या पूर्व आघाडीचं पदक, असेल ना? त्याच्या कडेवर नंबर आणि नाव कोरलेलं असतं, ते त्यांनाच वाचायला लावा. ९९ एपीओची (लष्करी टपालाची) पत्रं असतील तर लॅमिनेशन अजिबात नको, उजेडात फोटो काढा. आजींचा माईक स्वयंपाकघरातच ठेवा, शिट्टी राहू दे. बोली जशीच्या तशी उतरवा, 'आमास्नी'चं 'आम्हाला' केलंत तर आबा गेले त्यातून. आणि सगळं फोनशिवाय अजून दोन ठिकाणी ठेवा, आजच.

धागाकर्ता

धन्यवाद ताई. काल रात्री सांगितलं. आबा बराच वेळ गप्प होते. मग विचारलं, "आवाज नीट आलाय का?"

आला म्हणालो. "मग ऱ्हाऊ दे. पर ती हाय तवर कुणाला न्हाई."

आता हे त्यांच्याच आवाजात रेकॉर्ड करून त्या फाईलला जोडून ठेवावं, की साध्या कागदावर लिहून सही घ्यावी? कुणी केलं असेल तर सांगा. आणि चांगला, पण स्वस्तातला कॉलर माईक सुचवा, मावशीआजीच्या पदराला लावायचाय.