मदत हवी आहे: सायन-पनवेल महामार्गाचे जुने कि.मी. दगड

मंडळी, सायन-पनवेल महामार्गाचा टप्प्याटप्प्याचा नकाशा करतोय. सायन, चेंबूर, मानखुर्द, वाशी, तुर्भे, नेरूळचा उरण फाटा, बेलापूर, खारघर, कामोठे, कळंबोली, पनवेल. १९७३ मध्ये मानखुर्द-वाशी दरम्यान ठाणे खाडीवरचा पहिला पूल झाला. त्याआधी मुंबईहून पनवेलला जायचं तर ठाणे-मुंब्रा-शिळफाटा असा वळसा होता. दुसरा पूल १९९७ चा.

अडचण अंतराची आहे. रुंदीकरणात बरेच दगड हलवले जातात, काही उलटे बसतात, त्यामुळे नुसता आकडा बघून जागा ठरवणं फसवं. शिवाय जुनी मोजणी ठाण्यामार्गे असेल तर आकडा साहजिकच वाढीव दिसणार.

मानखुर्द ते कळंबोली पट्ट्यात जुना दगड दिसला तर कृपया:

चारही बाजूंचे फोटो काढा, नुसती समोरची बाजू नको. डोक्यावरच्या रंगाचे थर खरवडू नका. पिवळा म्हणजे राष्ट्रीय, हिरवा म्हणजे राज्य महामार्ग. हिरव्याखाली पिवळा दिसला तर दगड आधी राष्ट्रीय महामार्गाचा होता याचा तोच खरा पुरावा, म्हणून टवके उडालेल्या जागेचा जवळून फोटो हवा. मोबाइलचं लोकेशन चालू ठेवा आणि मुंबईकडे की पुण्याकडे जाणारी बाजू, तेही लिहा. पुलाखाली लोकेशन भरकटतं, तिथे जवळच्या खांबाचा क्रमांक द्या.

सार्वजनिक बांधकाम खात्याचे १९७३ आधीचे नकाशे कुणाकडे असल्यास उत्तमच. गाडी मात्र सेवा रस्त्यावरच लावा, मुख्य मार्गिकेत थांबू नका.