तेल महागणार म्हटलं की आपण धावतो का?

खडेबाजारकर: काल वॉट्सॅपवर कुणीतरी टाकलं तेल महागणार, आई लगेच रविवार पेठेत जाऊन पाच लिटरचे दोन कॅन घेऊन आली, घरातला अजून फोडलेला पण नाही. अफवा आहे माहीत असतंय तरी असं का करतो की आपण?

खानापूरची: आईला येडी म्हणू नका हां. अफवा पटलेली नसते, बाकीचे सगळं उचलून नेतील ही भीती असते. २०१६ च्या नोव्हेंबरात उत्तरेत मिठाची अफवा उठली, देशाला तीन बाजूंनी समुद्र, तरी लोकांनी किलोला शंभर रुपयांच्या वर देऊन मीठ घेतलं!

वडगावचा किराणावाला: आम्ही आठवड्याचा खप बघून माल भरतो. सगळ्यांनी एकाच दिवशी महिन्याचं नेलं की संध्याकाळी रॅक रिकामं, त्याचा फोटो ग्रुपवर, की दुसऱ्या दिवशी डबल गर्दी. टंचाई नसते, अशी तयार होते बघा. रोजंदारीवाला पाव लिटर मागायला येतो तेव्हा दर चढलेला. आणि नंतर महिनाभर आम्ही माशा मारत बसतो, सगळ्यांचे डबे भरलेले.

खडेबाजारकर: मग तुम्ही काय करता?

वडगावचा किराणावाला: घरटी एकच पिशवी देतो. शिव्या खातो, चालतंय.